नॉर्मल म्हणजे किती, मॅडम?

माझ्याकडे येणारे पुरुष खरं कारण खुर्चीत बसून क्वचितच सांगतात. लघवीला जळजळ होते, कंबर धरते, पोट जड वाटतं असं काहीबाही सांगतात. मी तपासते, औषध लिहून देते. ते आभार मानून उठतात, दारापर्यंत जातात, कडीवर हात ठेवतात आणि पाठमोरेच म्हणतात, "मॅडम, अजून एक विचारायचं होतं." मग मी पेन खाली ठेवते. खरा पेशंट तिथून सुरू होतो.

मी यूरॉलॉजिस्ट. मूत्रपिंडापासून मूत्रमार्गाच्या टोकापर्यंत जे जे आहे ते माझ्या खात्यात येतं, आणि पुरुषांच्या बाबतीत त्या टोकाशी जे जोडलेलं आहे तेही. मूळची बेळगावची, शिकायला बेंगळुरूला आले आणि इथलीच झाले. मल्लेश्वरमला औषधाच्या दुकानाच्या माडीवर माझा दवाखाना आहे. ऑपरेशनं हेब्बाळकडच्या एका हॉस्पिटलात करत असे. ती आता थांबवली आहेत, सकाळचा दवाखाना तेवढा चालू आहे.

इथल्या मराठी मंडळाच्या दिवाळी अंकासाठी संपादिकाबाईंचा फोन आला तेव्हा त्यांनी मुतखड्यावर लिहायला सुचवलं. "अंक घरात सगळेच वाचतात हो," त्या म्हणाल्या. सगळेच वाचतात म्हणूनच मी मुतखड्यावर लिहीत नाही. नावं-गावं बदलली आहेत. मुख्य हकीकत ज्या दोघांची आहे त्यांनी हे वाचून होकार दिला आहे. एक परिच्छेद काढायला लावला, तो काढला.

बाईमाणूस या खुर्चीत बघून पुरुषांचं काय होतं ते आधी सांगते. खालच्या पाटीवर फक्त आद्याक्षरं आणि आडनाव आहे. आत आलेला माणूस माझ्याकडे बघतो, मग भिंतीकडे, मग विचारतो, "डॉक्टर कधी येणार?" माझ्या सिस्टर सरोजक्का तुमकूरच्या, या कामात मुरलेल्या. त्या कन्नड वळणाच्या मराठीत सांगतात, "डॉक्टर आल्यात. बसा." काही जण फोन आल्याचं निमित्त करून जिना उतरतात. जे बसतात ते मात्र पुढे मोकळे होतात. एका गृहस्थांनी मला सांगितलं होतं, "पुरुष डॉक्टरला दाखवायचं म्हणजे मॅडम, तो मनात स्वतःशी तुलना करणार. तुमच्याकडे तो प्रश्न नाही."

तुलना. निम्म्या प्रश्नांचं मूळ तिथे आहे. त्यासाठी नेमका शब्दही कोणी वापरत नाही. जुनी माणसं 'खालचं' म्हणतात, सीमाभागातली 'जागा' म्हणतात, आयटीतली मुलं 'साइझ' म्हणतात आणि त्याच्या पुढे-मागे काहीच जोडत नाहीत. मी सरळ लिंग म्हणते. पहिल्यांदा उच्चारलं की समोरचा दचकतो, दुसऱ्यांदा नाही.

बहुतेकांना सांगायचं असतं ते फार साधं असतं. एक अंडकोष दुसऱ्यापेक्षा खाली असतो, बहुतेकांचा असतो. ताठ झाल्यावर थोडा बाक येतो, दुखत नसेल तर तो दोष नाही. कडेला बारीक पांढुरके दाणे आहेत, ते रोगाचे नाहीत. थंडीत, घाबरल्यावर, गार पाण्यात लिंग आक्रसतं आणि तासाभराने पुन्हा सैल होतं. शिथिल असताना ते केवढं दिसतं त्यावरून ताठ झाल्यावर केवढं होईल ते सांगता येत नाही. आणि आपण आपल्याकडे वरून बघतो, दुसऱ्याकडे समोरून, त्यामुळे आपलं नेहमी आखूडच दिसतं. पोट सुटलं असेल तर आणखी आखूड. एवढं ऐकून हसत जिना उतरणारे पुष्कळ आहेत. त्यांच्याबद्दल लिहिण्यासारखं काही नाही.

लिहिण्यासारखं आहे ते न हसणाऱ्यांबद्दल.

निनादची गोष्ट सांगण्याआधी मारुतीअण्णांबद्दल सांगायला हवं, कारण इंजेक्शन या शब्दाला मी का घाबरते ते त्याशिवाय कळणार नाही. अण्णा निपाणीकडचे, बेंगळुरूत ग्रॅनाइटचा मोठा व्यापार, दांडगा माणूस, पन्नाशी उलटलेली. तरुणपणी परगावी कोणाकडून तरी त्यांनी लिंग जाड करायचं इंजेक्शन घेतलं होतं. आत काय होतं ते त्यांना ठाऊक नव्हतं; काहीतरी तेलकट. पहिली काही वर्षं बरी गेली. मग आत गाठी धरल्या, कातडी दगडासारखी झाली, फुटली, वाहायला लागली. बायकोपासून त्यांनी ते लपवलं, मग बायकोच लपवायला लागली. माझ्याकडे आले तेव्हा धोतराला डाग पडत होते.

"मॅडम, आवरा हे तेवढं," ते म्हणाले. "मला काय आता कुणाला दावायचं न्हाई. स्वल्प बसता यावं, एवढंच बगा."

असलं तेल कातडीत मुरलं की निवडून काढता येत नाही. कातडीसकट काढावं लागतं. मी सगळी कातडी काढली आणि मांडीची कातडी त्या जागी लावली. एकदा नाही जमलं, पुन्हा करावं लागलं. आधी तपासलं तेव्हा मला दिसलं होतं की त्या गाठींखालचं मूळचं लिंग अगदी चारचौघांसारखं होतं. मी ते अण्णांना सांगितलं. ते म्हणाले, "हे मला आधी कुणी सांगितलं न्हाई."

निनाद आला तो पावसाळ्यानंतरच्या दिवसांत, एका शनिवारी. नागपूरचा, तिशीच्या अलीकडचा, व्हाइटफील्डच्या एका कंपनीत. अंगाने सडपातळ, व्यायाम करणारा, बोलणं अदबीचं. लघवीला जळजळ होते म्हणाला. तपासणीत काहीच निघालं नाही. दारापर्यंत गेला, आणि थांबला.

"मॅडम, अजून एक होतं. माझं दोन महिन्यांनी लग्न आहे."

"अभिनंदन. बसा."

तो बसला नाही. "लग्नाआधी साइझ वाढवायची आहे. काय काय ऑप्शन्स आहेत?"

वाढवायचं का, हे त्याच्यासाठी ठरून गेलेलं होतं. कसं, एवढंच विचारायचं होतं. मी म्हटलं, आधी तपासू. सरोजक्का पडद्याजवळ उभ्या राहिल्या. तपासणीच्या वेळी त्या असतातच. पेशंटला संकोच वाटू नये म्हणून चेहरा वळवून उभं राहायची त्यांची एक पद्धत आहे, ती मी आजवर दुसऱ्या कोणाकडे पाहिली नाही.

मोजायची रीत ठरलेली आहे. पट्टी जघनाच्या हाडाला टेकवायची, वरची चरबी दाबून, आणि हलक्या हाताने ताणून टोकापर्यंत मोजायचं. ताठ अवस्थेतली लांबी साधारण तेवढीच भरते. मी मोजलं. निनाद पूर्णपणे सामान्य होता. सीमेवर वगैरेही नाही, चांगला मधोमध.

तसं सांगितल्यावर सुटकेचा एक श्वास ऐकू येतो, तो आला नाही. तो म्हणाला, "परत एकदा मोजाल?"

परत मोजलं. तेच.

कपडे करून तो समोर बसला आणि फोन काढला. त्यात त्याने बरंच काही जमवलं होतं. तक्ते, तुलना, लोकांनी स्वतःबद्दल लिहिलेलं. "मॅडम, मी रिसर्च केला आहे. हे बघा ना."

"इंटरनेटवर स्वतःहून आकडा लिहिणारा माणूस कधी कमी लिहील का? आणि तसले व्हिडिओ बघत असाल तर त्यातले लोक निवडून घेतलेले असतात. कॅमेराही त्यांच्या बाजूने लावलेला असतो."

"तुम्ही मला बरं वाटावं म्हणून सांगताय."

"तुम्हाला बरं वाटावं एवढंच मला हवं असतं तर मी महिनाभराच्या गोळ्या लिहून दिल्या असत्या. ते सोपं असतं."

तो किंचित हसला, पण डोळे तसेच राहिले. हे कधीपासून वाटतं, असं मी विचारलं. हळूहळू बाहेर आलं. तो राहत होता त्या इमारतीच्या जिममध्ये, पोहून आल्यावर कपडे बदलताना ऑफिसमधला एक जण त्याच्याकडे बघून हसला होता. "अरे, हे काय, ट्रायल व्हर्जन आहे का?" एवढंच म्हणाला होता. बाकीचे हसले, निनादही हसला. त्या दिवसापासून तो पोहायला गेला नव्हता. ऑफिसातही बंद दाराच्या संडासातच लघवीला जायचा. रोज सकाळी मोजायचा. मृण्मयी, त्याची होणारी बायको, पुण्याची, हेब्बाळच्या टेक पार्कमध्ये कामाला, ती जवळ आली की हा काहीतरी निमित्त काढून उठायचा. ती त्याला सज्जन समजत होती.

"पोहून आल्यावर सगळ्यांचंच आक्रसलेलं असतं," मी म्हटलं. "हसणाऱ्याचंही."

"मग तो का हसला?"

मी उपायांकडे वळले.

मी त्याला सांगितलं ते असं. गोळ्या, तेलं, मालिश, यांनी काही वाढत नाही. पंपाने फुगतं ते थोड्या वेळापुरतं, आणि अतिरेक केला तर इजा होते. शस्त्रक्रिया आहे, पण ती खरोखरच अपवादाने लहान असणाऱ्यांसाठी विचारात घ्यायची. धडधाकट माणसाने करून घेतली तर हाती लागतात व्रण आणि पश्चात्ताप. "तुमचा त्रास खोटा नाही," मी म्हटलं. "पण तो या जागी नाही. माझ्या ओळखीचे एक मानसोपचारतज्ज्ञ आहेत, याच त्रासाची माणसं ते बघतात."

तो उठला. आवाज न चढवता म्हणाला, "म्हणजे मी वेडा आहे." आणि गेला. यानंतर चिठ्ठी घेऊन निमूट जाणारे असतात, रागावून जाणारे असतात. निनाद तिसऱ्याच प्रकारे गेला, काहीतरी ठरवून. ते मला आवडलं नाही.

नंतरच्या काही आठवड्यांत मी त्याला दोनदा फोन केला. "बरा आहे मॅडम, बिझी आहे," एवढंच.

मग एका सकाळी मृण्मयी आली.

तिने नंबर लावला होता तो स्वतःच्या नावावर, त्यामुळे ती कोण हे मला ठाऊक असायचं कारण नव्हतं. बारीक चणीची, ऑफिसचं कार्ड गळ्यात तसंच. बसली आणि म्हणाली, "मला काही झालेलं नाही. निनाद तुमच्याकडे येऊन गेला. त्याच्या बॅगेत तुमच्या दवाखान्याची पावती सापडली, म्हणून कळलं. काल त्याने लग्न पुढे ढकलायचं म्हटलंय. कारण सांगत नाही. हॉल बुक आहे, आईबाबांनी पत्रिका वाटल्यात. त्याला काय झालंय?"

मी म्हटलं, "माझ्याकडे कोण येतं, कोण येत नाही, हे मी सांगत नाही."

"मी त्याची होणारी बायको आहे."

"झालेल्या बायकोलाही सांगत नाही."

तिने खुर्ची पुढे ओढली. "डॉक्टर, तुम्ही बाई आहात. माझ्या जागी तुमची मुलगी असती तर? मला एवढंच सांगा, जीवाला धोका आहे का? कॅन्सर आहे का? मूल होणार नाही असं काही आहे का? नुसती मान हलवा."

ही मान हलवायला किती सोपी असते ते मी सांगू शकत नाही. एकदा आडवी हलवली असती की त्या मुलीच्या छातीवरचा दगड उतरला असता. पण मग एका प्रश्नाला मान हलली, दुसऱ्याला हलली नाही, यावरूनच तिने सगळं वाचलं असतं. आणि निनादने आयुष्यात ज्या एका माणसाला हे सांगितलं होतं ते माणूसही फितूर झालं असतं. मी मान स्थिर ठेवली. मानेला रग लागली.

"ज्याच्याबद्दल विचारायचंय त्यालाच विचारा," मी म्हटलं. "आणि विचारताना भांडू नका."

"मी महिनाभर तेच करतेय." ती उठली. डोळ्यांत पाणी नव्हतं, राग होता. "तुम्हाला सांगायला काय गेलं असतं?"

ती गेल्यावर सरोजक्का पाण्याचा पेला ठेवून गेल्या. बाहेर माणसं बसली होती. मी पुढच्याला न बोलावता निनादला फोन लावला. माझ्याच पेशंटला, तुमच्याबद्दल विचारायला कोणी आलं होतं, एवढं सांगायला मला हरकत नव्हती. त्याने उचलला नाही. पुन्हा लावला. तिसऱ्यांदा लावणार तोच त्याचा आला.

आवाज दबका होता. "मॅडम, तुम्ही कॉल केला होता? बरंच झालं. मला एक विचारायचं होतं. फिलर घेतल्यावर सूज साधारण किती दिवस राहते?"

फिलर म्हणजे जाडी वाढवायला आत भरायचं इंजेक्शन. "कुठे आहात तुम्ही?"

"एका सेंटरमध्ये. केसांचं आणि स्किनचं करतात. पण हेही करतात. बधिर करायचं क्रीम लावलंय. ते सिरिंज आणायला गेलेत."

"कोण ते? डॉक्टर आहेत?"

"पांढरा कोट आहे."

"निनाद, आत काय भरताहेत? खोक्यावरचं नाव वाचा."

थोडा वेळ काहीतरी हलवल्याचा आवाज आला. "खोकं नाही मॅडम. बाटली आहे. लेबल नाही. ते म्हणाले की हे परमनंट आहे. एकदा घेतलं की झालं."

परमनंट. मी उठून उभी राहिले होते, हे मला सरोजक्कांच्या चेहऱ्यावरून कळलं. "निनाद, आता जे सांगते ते ऐका. मध्ये बोलू नका. माझा एक पेशंट होता, त्यानेही असंच एकदा घेतलं होतं." आणि मी त्याला अण्णांचं सांगितलं, नाव न घेता, गाठी, फुटलेली कातडी, धोतरावरचे डाग, मांडीची कातडी. एरवी पेशंटला मी असं भीती घालून बोलत नाही. त्या दिवशी बोलले. "उठा. पँट चढवा. पैसे दिले असतील तर सोडून द्या. भांडू नका, नुसते बाहेर या."

"मॅडम, लग्न..."

मागून दुसरा आवाज आला, हिंदीत, समजूत घालणारा. "सर, फोन बाद में. दो मिनट का काम है." काहीतरी घासलं, आणि फोन बंद झाला.

मी पुन्हा लावला. बंद. पुन्हा बंद. पत्ता विचारायचा राहिला होता. शहर एवढं मोठं. व्हाइटफील्डपासून इथपर्यंत अशी किती सेंटरं. पोलिसांना काय सांगणार, कुठे पाठवणार? सरोजक्का म्हणाल्या, "मॅडम, बाहेरच्यांना आत पाठवू?" मी म्हटलं, "पाठवा." एक म्हातारे गृहस्थ त्यांच्या प्रोस्टेटबद्दल सांगत होते, मी लिहून घेत होते, आणि कान टेबलावरच्या फोनकडे होता. त्यांनी मला तेच दोनदा सांगितलं असावं. नंतर कोण आलं ते आठवत नाही.

दुपारी बाकीचे सगळे गेल्यावर जिन्यावर पावलं वाजली, अडखळत, एकेक पायरी घेत. निनाद आला तो भिंतीला धरून. चेहरा पांढरा, शर्ट घामाने भिजलेला. खाली रिक्षावाला थांबला होता. सरोजक्का त्याला भाडं देऊन आल्या.

"एक सुई गेली," तो म्हणाला. "मग ती मांडीची कातडी डोळ्यांपुढे आली. मी त्याचा हात ढकलला. तो ओरडायला लागला. मी तसाच निघालो."

सुईतलं एका बाजूला गेलं होतं. लिंग त्या बाजूने सुजून टणक झालं होतं, आणि मला काळजी वाटली ती सुजेची नाही, रंगाची. कातडी निळसर पडत चालली होती. म्हणजे जे भरलं होतं ते रक्तपुरवठ्याच्या आड येत होतं. बघत बसायला वेळ नव्हता. त्याला माझ्याच गाडीत घातलं आणि हेब्बाळला नेलं. हेब्बाळच्या फ्लायओव्हरवरची कोंडी बेंगळुरूत राहणाऱ्या कोणालाही मी वर्णन करून सांगायची गरज नाही. मागच्या सीटवर तो आडवा होता, सरोजक्का त्याच्या डोक्याशी. गाड्या हलत नव्हत्या. सरोजक्का त्याला कन्नडमधून काहीतरी सांगत होत्या. त्याला कन्नड येत नव्हतं, तरी तो "सरी, सरी", म्हणजे बरं, बरं, म्हणत होता.

ऑपरेशन टेबलावर मी चीर दिली. ते घट्ट, चिकट, पिवळसर काहीतरी होतं. ताजं असल्यामुळे अजून फारसं मुरलं नव्हतं. जेवढं दिसलं तेवढं धुऊन, खरवडून काढलं. कातडीचा एक पट्टा काळा पडत होता. तो जगेल की मरेल हे त्या दिवशी मला सांगता येत नव्हतं. बाहेर आल्यावर हातमोजे काढले आणि ड्यूटीवरच्या सिस्टरना दर तासाला रंग बघायला सांगितलं.

शुद्धीवर आल्यावर निनादने पहिला प्रश्न विचारला तो अर्थातच तोच. "मॅडम, लहान झालं का?"

"नाही. होतं तेवढंच आहे. पण जपायला हवं."

दुसऱ्या दिवशी ताप चढला. तिसऱ्या दिवशी उतरला. काळी पडलेली जागा मोठी होत नव्हती, हे पाहिल्यावर मी त्याच्या पलंगाजवळ बसले. म्हटलं, "मृण्मयी माझ्याकडे आली होती. मी तिला काही सांगितलेलं नाही. सांगणारही नाही. सांगायचं असेल तर तुम्ही."

त्याने उशी वर सरकवली. मग म्हणाला, "तुम्ही इथे थांबाल?"

मृण्मयी संध्याकाळच्या भेटीच्या वेळेत आली. निनादने सांगायला सुरुवात केली ती जिमपासून. मध्ये थांबला, पुन्हा लागला. ती उभीच होती.

"मला वाटलं तुला दुसरी कोणी आहे," ती म्हणाली. "मग वाटलं कॅन्सर आहे. मी रोज काहीतरी नवीन इमॅजिन करत होते." मग माझ्याकडे वळली. "आता विचारू शकते ना? नॉर्मल किती असतं?"

मी निनादकडे पाहिलं. त्याने मान हलवली. मी सांगितलं. ताठ असताना पाच इंचांच्या आसपास बहुतेकांचं, त्याहून थोडं कमी आणि थोडं जास्त असणारे कितीतरी, आणि ते सगळे सामान्य. खरोखर लहान असणारे फार थोडे. लोकांच्या मनातला आकडा खऱ्यापेक्षा मोठा असतो. "निनाद यात आरामात बसतात," मी म्हटलं. "पहिल्या दिवशीही मी त्यांना हेच सांगितलं होतं."

"मग?" तिने त्याला विचारलं. "यांनी सांगितलं होतं, तरी तू एका अनोळखी माणसाला सुई टोचू दिलीस. आणि मला, जिला यातलं काही कधी मनातही आलं नव्हतं, मला विचारलं नाहीस."

"तू नको म्हणाली असतीस तर ठीक होतं. पण तू हसली असतीस तर?"

तिला हे अपेक्षित नव्हतं. तिने खुर्ची ओढली आणि बसली, पण पलंगाच्या पायथ्याशी, त्याच्यापासून लांब. म्हणाली, "तुला लग्न पुढे ढकलायचं होतं ना? ढकलू. पण आता मी म्हणतेय म्हणून. घरी मी सांगेन, तुझं ऑपरेशन झालं. खोटं नाही ते." आणि निघून गेली.

कातडीचा तो पट्टा जगला, एक छोटा तुकडा सोडून. तिथे आता वण आहे. त्या सेंटरची मी लेखी तक्रार केली. आरोग्य खात्याची माणसं पोचली तेव्हा दाराला कुलूप होतं आणि पाटी उतरवलेली होती. दुसरीकडे कुठे लागली असेल, कोण जाणे. याची हळहळ मला अजून आहे.

निनाद त्या मानसोपचारतज्ज्ञांकडे गेला, आपणहून. पहिले काही महिने काही फरक नाही म्हणायचा. रोजचं मोजणं थांबवायलाच फार वेळ लागला. त्या दिवसांत तो मला मेसेज पाठवायचा, "आज नाही मोजलं," एवढाच. मी अंगठा पाठवायची. एकदा लिहिलं होतं, "आज पूलमध्ये उतरलो. कोणीच बघत नव्हतं." पट्टीने मोजून दाखवणं हे माझं काम, पण पट्टी दाखवूनही ज्याला पटत नाही त्याच्यासाठी माझ्या शास्त्रात दुसरं काही नाही. ते दुसऱ्यांच्या हाती सोपवावं लागतं, आणि माणूस तिथे पोचेपर्यंत वाट बघावी लागते. मला ते कधी नीट जमलं नाही. मी सर्जन आहे.

पुढच्या वर्षी दोघांचं लग्न झालं, नागपूरला. मला बोलावणं होतं, जाता आलं नाही.

गेल्या उन्हाळ्यात मृण्मयी दवाखान्यात आली. एकटीच. मला वाटलं निनादचं पुन्हा काही निघालं.

"नाही, तो ठीक आहे," ती म्हणाली. "कधीकधी गप्प होतो. पण आता का गप्प आहे ते सांगतो." मग म्हणाली, "त्या सकाळी तुम्ही मला सांगितलं असतंत तर मी त्याच्या ऑफिसात जाऊन बसले असते. तो त्या टेबलापर्यंत पोचलाच नसता. मी यावर खूप विचार केलाय."

"तो त्या सकाळी टेबलावरच होता," मी म्हटलं. "पण नसता, तरीही मी सांगितलं नसतं."

"माहितीये. मला तेव्हा तुमचा फार राग आला होता."

"आणि आता?"

"थोडा आहे अजून." ती खुर्चीत बसली, पर्स मांडीवर घट्ट धरून. "पण मला स्वतःला काहीतरी होतंय. निनादला अजून सांगितलेलं नाही. आईलाही नाही. दुसऱ्या डॉक्टरांकडे जावं असं वाटत होतं, जवळच एक आहेत. मग वाटलं, तुमच्याकडेच यावं. इथून बाहेर जात नाही, हे मला माहिती आहे."

सरोजक्कांनी उठून दार लावून घेतलं. मी पेन खाली ठेवलं आणि तिचं ऐकायला लागले. तिने काय सांगितलं, ते मी लिहिणार नाही.